नावातच बाजार असलेलं गाव

आईच्या सांगण्यातला जवळा बाजारचा रस्ता मला पाठ होता. आठवडी बाजाराच्या दिवशी आजोबा पहाटे बैलगाडी जुंपायचे. गाडीत ज्वारीचं नाहीतर तुरीचं पोतं, त्यावर घोंगडी आणि घोंगडीवर आई आणि तिच्या दोन धाकट्या बहिणी. दोन कोसांची वाट. वाटेत ओढा, ओढ्याकाठी पळस, पळसाखाली बैलांना पाणी. बाजारात पोचलं की आजोबा तिघींना हाताला धरून आधी आडतीत न्यायचे, मग शेवेच्या पालावर. गोडी शेव कागदाच्या पुड्यात बांधून मिळायची आणि ती घरी पोचेपर्यंत पुरवायची असायची. आई 1969 साली लग्न होऊन पुण्याला आली आणि पुढची पन्नास वर्षं हा रस्ता मला थोडा थोडा सांगत राहिली. ती गेली त्याला आता तीन वर्षं झाली. मामेभावाचा फोन आला, “ताई, हळद शिजवायला काढलीय, आता तरी ये,” तेव्हा मी निघाले.

मार्चचा पहिला आठवडा. परभणीहून हिंगोलीकडं जाणाऱ्या एसटीत खिडकीजवळ जागा मिळाली. राहटीच्या पुलावर पूर्णा ओलांडली. झिरो फाट्याला वसमतचा आणि हिंगोलीचा रस्ता वेगळा होतो. तिथून हट्टा आणि मग जवळा बाजार. औंढा नागनाथ तालुक्यातलं हे गाव परभणी–हिंगोली रस्त्याला धरूनच वाढलेलं आहे. मी पळस शोधत होते. तो बांधांवर अधूनमधून फुललेला दिसला, पण नजरेत भरत होतं ते वेगळंच. पाला कापून नेलेली हळदीची रानं, उभा ऊस, हरभऱ्याच्या गंजी, आणि दूर शेताशेतांत उठणारे पांढऱ्या वाफेचे लोट. खिडकीतून धुराबरोबर ओल्या हळदीचा उग्र, मातकट वास आत आला. आईच्या रस्त्याला हा वास नव्हता. तिच्या वेळी इथं हळद घरापुरती लावत.

मामेभाऊ, म्हणजे आमचा दादा, फाट्यावर घ्यायला आला होता. त्याचा मुक्काम आखाड्यावर. या भागात आखाडा म्हणजे शेतातलं घर. गोठा, अवजारांची पडवी, विहीर आणि आता विटांच्या दोन खोल्या. गोठ्यात एक म्हैस होती. बैल नव्हते. मी विचारण्याआधीच दादा म्हणाला, “बैल 2016 ला विकले.”

या एका वाक्यामागची साखळी त्यानं मला बांधावर बसून समजावली. ती मी कुठल्याही ग्रामीण कथेत इतकी स्पष्ट वाचली नव्हती. पूर्वी इथं खरिपात आणि रब्बीत ज्वारी असायची. ज्वारी म्हणजे माणसाला भाकर आणि जनावराला कडबा. मग सोयाबीन आलं. शंभर-एकशेदहा दिवसांत हातात पैसा आणि मागून हरभरा घ्यायला रान मोकळं. ज्वारी मागं पडली, तिच्याबरोबर कडबा गेला. सोयाबीनचं भुसकट जनावर आवडीनं खात नाही. वैरण विकत घेऊन बैलजोडी सांभाळायची तर वर्षाचा खर्च ट्रॅक्टरच्या भाड्याहून जास्त. शिवाय बैलांमागं सालगडी लागतो. गुढीपाडव्याला साल ठरवून वर्षभर राबणारा माणूस आता मिळत नाही, आणि मिळू नये असंच त्या माणसाच्या घरच्यांना वाटतं. तेव्हा बैल गेले. लालकंधारी जातीची जोडी होती, दादानं तिचा फोटो मोबाइलमध्ये जपलाय. पोळ्याला मातीचे बैल पूजतात. हे सांगताना त्याचा आवाज बदलला. पण जोडी परत घेशील का विचारल्यावर त्यानं सरळ नाही म्हटलं.

दुसऱ्या दिवशी बाजार होता. मी सकाळीच गेले आणि दुपार कलेपर्यंत हिंडले.

जवळा नावाची गावं मराठवाड्यात बरीच आहेत. कळमनुरी तालुक्यातच जवळा पांचाळ आहे. या जवळ्याला वेगळं ओळखायचं तर त्याच्यामागं ‘बाजार’ लागला. म्हणजे पंचक्रोशीला या गावाची ओळख देव, गढी किंवा पाटील यांच्यापेक्षा देवाणघेवाणीवरून आहे. इथं कृषी उत्पन्न बाजार समिती आहे, मोंढा आहे, आडती आहेत. हमाल पाठीवर पोतं घेऊन काट्याकडं पळत होते, मापाडी आकडे ओरडत होता आणि शेतकरी बोली चालू असताना तोंडातून शब्द न काढता व्यापाऱ्याच्या चेहऱ्याकडं पाहत होते. हे पाहणं मला फार जड गेलं. सहा महिने राबून आणलेल्या मालाचा भाव अर्ध्या मिनिटात ठरतो, आणि तो ठरताना मालाच्या धन्याला काही बोलायचं नसतं.

आठवडी बाजार त्याच्या पलीकडं पसरलेला. पालं, बांगड्या, खुरपी-विळे, बियाण्यांची पाकिटं, मोबाइलचे कव्हर, नायलॉनचे कासरे. भाजीच्या ओळीत मी एका बाईंशी बोलले. बटाटा उत्तरेतून आलेला, लसूण मध्य प्रदेशातला, कोबी आणि टमाटे हिंगोलीच्या ठोक बाजारातून. गावच्या मळ्यातली म्हणावी अशी मेथी आणि कांद्याची पात तेवढी होती. रान नाही किंवा पाणी नाही, अशातली गत नाही. भाजी रोज खुडावी लागते, आणि रोज खुडायला घरात माणूस राहिलेलं नाही. किराणा दुकानात पिशवीतलं दूध घ्यायला रांग होती. पुण्यात आम्ही ‘गावाकडचं’ म्हणून चढ्या भावानं तूप घेतो. इथल्या बाया पिशवीतल्या दुधाचा चहा करतात, कारण घरचं दूध सकाळीच संकलन केंद्रावर गेलेलं असतं.

मी घरून निघताना ज्या खेड्याचं चित्र बरोबर घेतलं होतं, ते फार जुनं आणि फार थोरामोठ्यांनी रेखलेलं आहे. 1830 साली चार्ल्स मेटकाफ या इंग्रज अधिकाऱ्यानं हिंदुस्थानातली खेडी ही छोटी छोटी प्रजासत्ताकं आहेत, त्यांना लागेल ते त्यांच्यातच मिळतं, अशा अर्थाचं लिहून ठेवलं. राज्यं आली-गेली तरी खेडं हललं नाही, हे त्याचं म्हणणं पुढं शंभर वर्षं आपल्या पुढाऱ्यांना प्रिय राहिलं. गांधीजींच्या ग्रामस्वराज्याला त्यातून बळ मिळालं. मराठीत मात्र 1915 मध्येच त्रिंबक नारायण आत्रे यांनी ‘गावगाडा’ लिहून हा गाडा कुणाच्या खांद्यावर चालतो, कुणाला किती बलुतं मिळतं आणि कोण कोणाला नाडतो, ते सगळं मांडलं होतं. आणि 4 नोव्हेंबर 1948 रोजी संविधान सभेत संविधानाचा मसुदा मांडताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मेटकाफचाच दाखला घेऊन विचारलं की अशी खेडी टिकून राहिली यात अभिमान कसला? संकुचितपणा, अज्ञान आणि जातीयता यांनी भरलेल्या खेड्याऐवजी व्यक्ती हा घटक धरला याचा त्यांना आनंद होता. तेव्हा हा मुलूख निजामाच्या राजवटीतून सुटून दोन महिनेसुद्धा झाले नव्हते.

बाबासाहेबांचं हे म्हणणं मी कॉलेजात वाचलं होतं आणि पटलंही होतं. पण आईची बैलगाडी त्या वाक्यांच्या वाटेला कधी जाऊ दिली नव्हती. मोंढ्यात उभं राहिल्यावर पहिल्यांदा लक्षात आलं की मेटकाफचं वर्णन जवळा बाजारला कधीच लागू नव्हतं. गावाच्या नावातच बाजार आहे. मीठ, लोखंड आणि कापड बाहेरून यायचं, तूर आणि कापूस बाहेर जायचा, आणि मधल्या माणसाकडं वही असायची. बैलगाडी देखणी होती, पण ती बाजारालाच निघालेली असायची.

आज फरक पडला तो बाजाराच्या लांबीत. 2024-25 साठी केंद्रानं सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला 4892 रुपये ठरवला होता, आणि त्या हंगामात मोंढ्यातले भाव बराच काळ त्याच्या खाली राहिले. देशाला लागणाऱ्या खाद्यतेलापैकी निम्म्याहून जास्त तेल आपण आयात करतो. त्यामुळं पामतेलावरचं शुल्क किती आणि ब्राझीलमध्ये सोयाबीनचं पीक कसं, याच्यावर जवळा बाजारची बोली हलते. दादाला हे सगळं ठाऊक आहे. त्याच्या फोनवर रोज सकाळी सात बाजारपेठांचे भाव येतात. पोतं घेऊन मोंढ्यात उभं राहिल्यावर मात्र यातला कुठलाच आकडा त्याच्या हातात नसतो.

हळदीचा भाग मला जास्त वेळ सांगायचा आहे, कारण चार दिवस मी तिच्याच वासात राहिले.

या भागात हळद वाढली ती गेल्या पंधरा-वीस वर्षांत. त्याआधी पाया घातला होता पाण्यानं. पूर्णेवर येलदरी आणि सिद्धेश्वर ही धरणं 1960 च्या दशकात उभी राहिली आणि कालव्याचं पाणी वसमत-औंढ्याच्या रानात आलं. पाटाची पाळी, त्यावर विहीर, विहिरीवर ठिबक, असं जमवत लोक उसाबरोबर हळदीकडं वळले. आज वसमत आणि हिंगोलीचे हळदीचे बाजार राज्यात मोठे गणले जातात. हिंगोलीच्या हळद बाजाराला संत नामदेवांचं नाव आहे. 2024 मध्ये ‘वसमत हळद’ या नावाला भौगोलिक मानांकन मिळालं. वायगाव आणि सांगलीच्या हळदीला ते आधीच मिळालेलं होतं.

हळद जूनच्या सुमाराला लावतात आणि काढायला फेब्रुवारी-मार्च उजाडतो. तेवढे आठ-नऊ महिने रान अडकून राहतं. पाला कापायचा, कंद उकरायचे, माती झटकून गड्डे आणि हळकुंडं वेगळी करायची. मग कुकर येतो. कुकर म्हणजे चाकांवर बसवलेलं लोखंडी धूड, मधे पाण्याची टाकी, खाली बाभळीच्या लाकडांचा जाळ आणि भोवती हळद भरलेली पिंपं. वाफ पिंपांत सोडली की पाऊणएक तासात हळद शिजते. काडी टोचून पाहतात, सहज गेली तर झाली. पिंप उलटलं की सोनेरी, वाफाळलेला ढीग ताडपत्रीवर कोसळतो. तिथून बारा-पंधरा दिवस ऊन, मग ढोलात घालून पॉलिश. दादा म्हणाला, ओली हळद शंभर क्विंटल निघाली तर वाळून वीस-बावीस क्विंटल हातात येते. वाळत असताना एक अवकाळी पाऊस आला तर रंग जातो आणि रंगाबरोबर भाव. 2023 च्या पावसाळ्यात हळद काही महिन्यांतच दुपटीच्या वर गेली. पण तोवर दादानं आपली सगळी विकलेली होती. घरात ठेवायला जागा नव्हती आणि बँकेचा हप्ता थांबायला तयार नव्हता.

गड्डे आणि हळकुंडं वेगळी करायला आठ बाया येत. शेजारच्या गावातून टमटममध्ये बसून सकाळी साडेआठला. काम गुत्त्यावर घेतलेलं, म्हणजे जितकं उरकेल तितकं लवकर सुटायचं. हात कोपरापर्यंत पिवळे आणि नखांखालचा रंग महिनाभर जात नाही. मी त्यांच्यात जाऊन बसले. त्यांनी मला उठवलं नाही. त्यातल्या एक मावशी सत्तरीच्या असाव्यात. मी त्यांना विचारलं की पूर्वीचं गाव बरं होतं का.

“तवा काय बरं व्हतं माय?” त्यांचे हात चालूच होते. “पहाटे उठून दळायचं, मग पाण्याला जायचं. उन्हाळ्यात हिरीत उतरून वाटीनं पाणी भरलंय म्या. आता नळ हाय, गिरणी हाय. गुडघे दुखतेत, ते येगळं.”

मी जात्यावरच्या ओव्यांचा विषय काढला. माझी आई ओव्या म्हणायची, आणि त्या मला जगातल्या कुठल्याही कवितेहून मोठ्या वाटतात. गी पॉइट्वँ आणि हेमा राइरकर यांनी सहकाऱ्यांबरोबर महाराष्ट्रातल्या खेड्यांतून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, ते काम मी डोक्यावर घेऊन नाचावं असं आहे. मावशींना ओव्या येत होत्या. त्यांनी दोन म्हटल्यासुद्धा, एक भावावरची, एक पंढरीवरची. आणि मग म्हणाल्या, “हात भरून यायचे, म्हणून म्हणायचो. म्हणलं की दळण लवकर सरल्यावाणी वाटायचं.”

बायांना त्या दिवशी तीनशे रुपये पडले. पिंपं उलटणाऱ्या पुरुषांना सहाशे. दादाशी याबद्दल मी संध्याकाळी बोलले. तो भला माणूस आहे. त्यानं वाद घातला नाही, “सगळीकडं हाच रोज आहे,” एवढंच म्हणाला. मला तेव्हा वाटलं आणि आजही वाटतं की शेतकऱ्याच्या लुटीबद्दल आपण जितक्या कळवळ्यानं बोलतो, तितक्याच कळवळ्यानं या तीनशे रुपयांबद्दल बोलायला हवं. बांधाच्या आतसुद्धा एक मोंढा आहे आणि तिथं बोली लावायची मुभा या बायांना नाही.

पहाटे मला लवकर जाग येई. अंगणात बसलं की रस्त्यावरून पावलांचे आवाज यायचे. पहिल्या दिवशी वाटलं, दिंडी असेल. पण ती पोरं होती. वीस-पंचवीस जण, चार-पाच मुलीही, अंधारात हिंगोलीच्या रस्त्यानं धावत होती. पोलीस भरतीची तयारी. एकजण पुढं मोटारसायकलवर बसून वेळ सांगत होता. आईच्या गोष्टीत या वेळी गाड्या जुंपल्या जायच्या.

दादाचा मुलगा तीन वर्षं असा धावला. दोनदा काही गुणांनी राहिला. आता एकोणतीस वर्षांचा आहे, कृषी पदवीधर, हळदीचं सगळं तोच बघतो. कंदमाशी, करपा, खताची मात्रा, ठिबकचा दाब यावर तो बोलू लागला की ऐकत राहावं. त्याला शेती आवडते. लग्न जमत नाही. तीन वर्षांत अकरा ठिकाणी बोलणी झाली. मुलीकडचे पहिला प्रश्न नोकरीचा विचारतात, दुसरा शहरातल्या घराचा. मी म्हटलं, मुली आजकाल फार अपेक्षा ठेवतात. स्वयंपाकघरातून वहिनी बाहेर आल्या. त्या एरवी कमी बोलतात.

“ताई, माझ्या पोरीला मी शेतकऱ्याच्या घरी दिली नाही. चाकणच्या कंपनीतला बघितला. मग दुसरीच्या पोरीनं माझ्या घरी कामून यावं?”

कुणीच काही बोललं नाही. भाचा ताटातली भाकर मोडत राहिला.

आजोबांची सोळा एकर जमीन होती. मामा चौघं भाऊ. दादाच्या वाट्याला चार एकर आली. 1970-71 च्या कृषिगणनेत महाराष्ट्रातली सरासरी जमीनधारणा 4.28 हेक्टर होती, 2015-16 मध्ये ती 1.34 हेक्टरवर आली. म्हणजे आमच्या घरात राज्यापेक्षा काही वेगळं घडलं नाही. चार एकरांत एक मुलगा, त्याचं शिक्षण, आजारपण आणि हळदीचं बेणं. याच जिल्ह्यातल्या सेनगाव तालुक्यात ताकतोडा नावाचं गाव आहे. 2019 च्या जुलैत तिथल्या लोकांनी कर्ज फिटत नाही म्हणून अख्खं गाव विकायला काढल्याचं जाहीर केलं होतं. पुण्यात ती बातमी मी वर्तमानपत्रात वाचली होती आणि पान उलटलं होतं. इथं चुलीशेजारी बसून ती आठवली तेव्हा मला पान उलटता आलं नाही.

तिसऱ्या दिवशी भाच्यानं मला मोटारसायकलवरून औंढ्याला नेलं. वाटेत त्यानं विचारलं, “आत्या, भालेराव सरांची कविता ठाऊक आहे ना?” इंद्रजित भालेराव हे इथलेच, वसमत तालुक्यातले. ‘पीकपाणी’पासून त्यांनी या काळ्या रानाची बोली मराठी कवितेत आणली. त्यांच्या एका गाजलेल्या कवितेत कवी मित्राला आपल्या गावी यायला सांगतो, आणि ती वाट मऊ आहे असं एका शब्दानंही सांगत नाही. भाच्याला ती सबंध पाठ होती. वाऱ्यात त्याचे निम्मे शब्द उडून गेले, पण त्याची ऐट मला दिसत होती. खेड्याचं चित्र काढणाऱ्यांत याच मातीतलंही कुणी आहे, याचा त्याला अभिमान होता.

औंढ्याचं नागनाथ मंदिर बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक मानतात. खालचा भाग काळ्या दगडाचा, यादवकाळातला, कोरीवकामानं भरलेला, आणि वरचं शिखर नंतरच्या काळातलं. गाभारा जमिनीखाली आहे. अरुंद पायऱ्या उतरून वाकून जावं लागतं आणि आत दहा-बारा माणसं दाटीवाटीनं मावतात. विसोबा खेचरांनी नामदेवांना पिंडीवरच्या पायांचा धडा दिला तो याच देवळात, असं परंपरा सांगते. नामदेवांचं नरसी इथून फार दूर नाही. नामदेव देवळापुढं कीर्तन करू लागले, तेव्हा त्यांना तिथून उठवलं. ते मागं जाऊन गाऊ लागले आणि देऊळच त्यांच्याकडं फिरलं, ही गोष्ट आपण सगळेच लहानपणी ऐकतो. नंदी देवळाच्या मागच्या बाजूला आहे, तो याची खूण म्हणून दाखवतात.

ही गोष्ट मी कितीदा तरी डोळ्यांत पाणी आणून ऐकली आहे. या वेळी मागच्या बाजूला जाऊन बसले तेव्हा तिचा पहिला अर्धा भाग मला जास्त ऐकू आला. नामदेवांना उठवलं होतं. ते शिंपी होते. देऊळ फिरल्याचा आनंद आपण सातशे वर्षं साजरा करतो, उठवणाऱ्यांना मात्र त्या गोष्टीत कुणी नाव विचारत नाही. 1978 मध्ये मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव झाला, त्यानंतर याच मराठवाड्यातल्या कित्येक गावांत दलितांची घरं जाळली गेली. नामविस्तार व्हायला 14 जानेवारी 1994 उजाडावं लागलं. ती गावंही कुणाच्या ना कुणाच्या आठवणीत ओढ्याकाठच्या पळसासह सुंदरच असतील.

औंढ्याजवळच दुधाळा नावाचं गाव आहे. तिथं लायगो-इंडिया ही गुरुत्वीय लहरी टिपणारी वेधशाळा उभी राहायची आहे. 14 सप्टेंबर 2015 रोजी अमेरिकेतल्या अशा दोन वेधशाळांनी एक अब्जाहून अधिक प्रकाशवर्षं दूर असलेल्या दोन कृष्णविवरांच्या टकरीतून निघालेली लहर पहिल्यांदा पकडली. पुढच्याच फेब्रुवारीत केंद्रानं भारतातल्या वेधशाळेला तत्त्वतः मान्यता दिली, आणि एप्रिल 2023 मध्ये सुमारे 2600 कोटींच्या खर्चाला मंत्रिमंडळाची मंजुरी मिळाली. एकमेकींशी काटकोन करणाऱ्या प्रत्येकी चार किलोमीटरच्या दोन नळ्या. त्यांच्या लांबीत प्रोटॉनच्या व्यासाच्या दहा हजाराव्या भागाइतका फरक पडला तरी तो कळला पाहिजे. त्यासाठी समुद्रापासून, कारखान्यांपासून, आगगाडीच्या रुळांपासून लांब, न थरथरणारी जमीन लागते. देशभर शोध घेऊन शास्त्रज्ञांनी औंढ्याचं हे रान निवडलं.

खेड्यातली शांतता या शब्दाचा इतका काटेकोर अर्थ मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकला. आणि भाच्यानं लगेच दुसरी बाजू सांगितली. वसमत तालुक्यातल्या पांगरा शिंदे भागात जमिनीतून गूढ आवाज येतात, ते वर्षानुवर्षं चाललंय. 21 मार्च 2024 ला सकाळी आणि पुन्हा 10 जुलैला 4.5 तीव्रतेचे धक्के बसले, त्यांचं केंद्र हिंगोली जिल्ह्यातच होतं. त्यातल्या एका दिवशी दादाच्या आखाड्यावरची भांडी पडली आणि वहिनी म्हशीचं दावं सोडायला धावल्या. वेधशाळेच्या प्रकल्पात जमिनी गेलेल्यांपैकी कुणी काय पदरात पाडून घेतलं, हे गावात वेगवेगळं ऐकायला मिळतं. भाच्याला मात्र एवढंच वाटत होतं की तिथं त्याच्यासारख्याला काही काम निघेल का. कृष्णविवरांबद्दल त्यानं यूट्यूबवर बरंच पाहिलं होतं.

शेवटच्या संध्याकाळी मी मामींजवळ बसले. त्या ऐंशीच्या पुढं आहेत, कानानं थोड्या मंद, बाकी सगळं लख्ख. वहिनींनी माझ्यासाठी दोन किलो हळकुंडं बांधून ठेवली होती. मी मामींना आईच्या बैलगाडीची गोष्ट सांगितली. पळस, ओढा, घोंगडी, गोडी शेव. म्हटलं, ती जागा मी बाजारात शोधली, तिथं आता ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या लागतात.

मामी ऐकत होत्या. मग म्हणाल्या, “पोरींना बाजारात कामून न्यायचे, सांगितलं व्हतं का तुह्या मायनं?”

मी म्हटलं, हौसेनं.

“हौस बी असंल. पर सासूनं मला सांगितलेलं. आडत्याचं देणं व्हतं. दर बाजारी त्याच्या म्होरं उभं राहावं लागायचं. पोरी हाताला असल्या का तो चारचौघांत वंगाळ बोलत नसे. म्हनून न्यायचे.”

अंगणात कुकरचा शेवटचा जाळ विझत आला होता. थोड्या वेळानं मी विचारलं, आईला हे माहीत होतं का?

“थोरली व्हती ती,” मामी म्हणाल्या. “तिला समदं ठावं व्हतं.”